ओघळ: तुझं जग काटकसर कुठे करतं?

साक्रीहून एका मुलीने विचारलं आहे: “काका, मी एक अद्भुत कादंबरी लिहितेय. तिच्यातल्या राज्यात सगळं जग मंत्रांवर चालतं. काही कलाकार मुद्दाम मंत्र चुकवतात आणि त्यातून कला करतात. झाड उलटं वाढतं, नदी अडखळते, सावली उशिरा येते. मैत्रिणींना वाचायला दिलं तर म्हणाल्या, ही कसली कला, ही तर बिघडलेली जादू. त्यांना ती कला वाटावी म्हणून काय करू?”

मी चाळीसगावला लग्नाच्या शूटिंगचं आणि मिक्सिंगचं काम करतो, त्याला आता २२ वर्षं झाली. त्यातली निम्म्याहून जास्त वर्षं रात्री दुकान बंद केल्यावर मुद्दाम बिघडवलेली चित्रं आणि व्हिडिओ करत आलो आहे. त्यामुळे तुझा प्रश्न माझ्या रोजच्या कामातलाच आहे. तुझी तिन्ही प्रकरणं दोनदा वाचली. भाषा छान आहे. पण मैत्रिणी म्हणतात त्यात तथ्य आहे.

झाड, नदी आणि सावली या तुझ्या तीन चमत्कारांचा एकमेकांशी काही संबंध लागत नाही. झाडाऐवजी डोंगर उलटा केला असतास तरी गोष्टीला फरक पडला नसता. खरा बिघाड असा कुठूनही उगवत नाही. जी वस्तू बिघडते ती आतून कशी बांधली आहे, ते त्या बिघाडातून दिसतं. त्यातही तो नेमका तिथेच फुटतो, जिथे बांधणाऱ्याने काटकसर केलेली असते. म्हणून कलाकार, त्यांचे गुरू, त्यांचे झगडे हे सगळं बाजूला ठेव आणि आधी एवढंच ठरव: तुझं जग काटकसर कुठे करतं?

संगणकावर हे करून बघ. एकच फोटो दोन प्रकारे साठव, एकदा बीएमपी म्हणून आणि एकदा जेपीजी म्हणून. बीएमपीत साधारणपणे प्रत्येक ठिपक्याचा रंग वेगळा लिहिलेला असतो, कुठेही बचत नाही. त्यातला मधला एक बाइट बदललास तर एक ठिपका रंग बदलेल आणि तोही तुला शोधावा लागेल. जेपीजी मात्र चित्राचे आठ बाय आठ ठिपक्यांचे चौकोन पाडते आणि प्रत्येक चौकोनाचा सरासरी उजेड पूर्ण लिहीत बसत नाही. आधीच्या चौकोनापेक्षा किती जास्त किंवा किती कमी, एवढाच फरक लिहिते. फाइल लहान होते ती अशा काटकसरीने. पण त्यामुळे मध्ये कुठे एक बाइट बदलला, तर त्याच्या पुढचे सगळे चौकोन चुकीच्या आधारावर हिशेब करत जातात.

मी पहिल्यांदा हे केलं ते आमच्या आजीच्या फोटोवर. अंगणात खाटेवर बसलेली, मागे तुळस. फाइल हेक्स एडिटरमध्ये, म्हणजे फाइलचे बाइट अंक-अक्षरांत दाखवणाऱ्या प्रोग्राममध्ये, उघडली, साधारण मधोमध एका जागी दोन अंक बदलले आणि पुन्हा फोटो म्हणून उघडली. आजीच्या डोक्यापासून खांद्यापर्यंत सगळं जसंच्या तसं. खांद्याखाली लुगडं हिरवं पडलेलं, हात बोटभर उजवीकडे सरकलेले, खाटेचे पाय तुळशीखाली गेलेले. बदल केला होता एका ठिकाणी आणि निम्मा फोटो हलला होता. मी कितीतरी वेळ तसाच बघत बसलो. त्या फोटोने मला पहिल्यांदा दाखवलं की आजीचा हात तिच्या खांद्याच्या भरवशावर तिथे आहे.

व्हिडिओची काटकसर आणखी वेगळी. आपल्याकडच्या डीव्हीडीत सेकंदाला २५ फ्रेम असतात. त्यातली पूर्ण चित्राची फ्रेम साधारण अर्ध्या सेकंदाला एक. मधल्या फ्रेममध्ये “अमुक तुकडा तमुक दिशेला सरकला” असं आणि जुजबी फरक एवढंच लिहिलेलं असतं. आता नव्या दृश्याची ती पूर्ण फ्रेमच उडाली तर? जुन्या दृश्याचे रंग नव्या दृश्याच्या हालचालीने सरकायला लागतात. माझ्या हातून हे पहिल्यांदा चुकून झालं, तेही गिऱ्हाइकाच्या कामात. एका लग्नात हळदीनंतर लगेच वरात जोडली होती. घाईत क्लिप कापल्या, जोडल्या, सुरुवातीची पूर्ण फ्रेम गेली आणि मी न तपासता डीव्हीडी देऊन टाकली. हळद लावणाऱ्या मावशीचा चेहरा पडद्यावर राहिला आणि मागून वरातीत नाचणारे लोक त्या चेहऱ्याला आतून ढकलू लागले. गाल बँडवाल्याच्या हाताबरोबर वर गेला, डोळा घोड्याच्या मानेबरोबर खाली आला. पाच-सहा सेकंदांचा खेळ. नवरीची आजी दुकानात आली, स्क्रीनकडे बोट दाखवून अहिराणीत म्हणाली, “हाई काय जायं रे भाऊ?” हे काय झालं, म्हणून. मी माफी मागितली, डीव्हीडी नव्याने करून दिली. बिघडलेला तुकडा मात्र ठेवून घेतला. माझं या कलेतलं शिक्षण तिथून सुरू झालं.

व्हीएचएसची कॅसेट तू बहुधा पाहिलेली नसशील. तिच्यात रंगाला उजेडापेक्षा फार कमी जागा दिलेली असायची, कारण माणसाच्या डोळ्याला उजेडातले बारकावे जास्त कळतात, रंगातले कमी. म्हणून नवरीचा लाल शालू कडेच्या बाहेर पसरायचा. कॅसेटवरून कॅसेट करत गेलं की तो लाल आणखी लांब जायचा. मी त्याला ‘ओघळ’ म्हणायचो. हा शब्द तुला देऊन टाकतो, पुढे उपयोगी पडेल. मुद्दाम केलेल्या बिघाडाच्या कलेला ‘बिघाडकला’ हे नाव एखाद्या कार्यालयाने ठेवल्यासारखं वाटतं. तुझ्या राज्यातले लोक त्याला तसं म्हणणार नाहीत.

आता तुझ्या जगाकडे वळू. तू साक्रीची, म्हणजे पांझरेकाठची फड पद्धत तुझ्या घरात कुणीतरी सांगितलेली असेलच. नदीवर बंधारा, बंधाऱ्यातून पाट, पाटाखालच्या जमिनीचे फड आणि एका फडात एकच पीक. प्रत्येकाच्या शेतात वेगळं पीक असतं तर पाटकऱ्याला प्रत्येक शेताचा वेगळा हिशेब ठेवावा लागला असता. सगळा फड उसाचा म्हटल्यावर वरून खाली ओळीने पाणी देत जायचं. कित्येक पिढ्या हे चाललं ते याच शहाणपणावर. सारखेपणातून बचत. मी तर म्हणेन, जेपीजी करणाऱ्यांनी जे चित्राचं केलं ते आपल्या लोकांनी पाण्याचं केलं होतं.

तुझं जग असंच भरू दे. राजधानीजवळ एक तळं आहे, त्यात जगाचं ‘मूळ’ आहे. रोज पहाटे पाटकरी ते पाटाने खाली सोडतात आणि गावोगावी सकाळ भरत जाते. पण प्रत्येक गावाचं सगळं वर्णन सोडायचं तर तळं आठ दिवसांत आटेल. म्हणून पहिल्या गावाचं तेवढं पूर्ण सोडतात. दुसऱ्याला सांगतात, “वरच्यासारखंच, फक्त विहीर डाव्या हाताला आणि दोन लिंब कमी.” तिसऱ्याला दुसऱ्यापेक्षा काय वेगळं तेवढंच. असं तीसाव्या गावापर्यंत. मंत्र वगैरे हवे असतील तर या फरकांचेच मंत्र कर.

एवढं ठरलं की तुझी सावली आपोआप जिवंत होते, बघ.

समज, सातव्या गावात एक म्हातारी ओघळकरी, म्हणजे मुद्दाम ओघळ करणारी कलाकार, आहे. ती पाटाच्या कडेला बोटभर खाच पाडते आणि एकच गोष्ट चुकवते: चावडीपुढच्या लिंबाची सावली एक घटका उशिरा, म्हणजे २४ मिनिटं. सातव्या गावात लोक बाहेर येतात, सावली जिथे असायला हवी तिथे ऊन असतं, पोरं खिदळतात. आठव्या गावाला “वरच्यासारखंच” मिळालं, तिथेही लिंब उशिरा. अकराव्या गावात लिंब नाही, चिंच आहे, आणि चिंचेचा मंत्र “लिंबासारखी, पण पान बारीक” असा आहे, म्हणून चिंचही मागे पडली. एकोणिसाव्या गावाच्या पाटकऱ्याने फार पूर्वी आळस करून पाखरांचा थवा “चिंचेच्या पानांसारखा, पण उडता” असा भरला होता. हे कुणालाच आठवत नव्हतं. त्या दिवशी एकोणिसाव्या गावावरून आधी किलबिलाट गेला, आभाळ रिकामं होतं, आणि एका घटकेने थवा मुका मुका उडत आला.

माझ्यासाठी कला इथे सुरू होते. म्हातारीने पाखरांना हातही लावला नाही. तिने जगाच्या बांधणीतला, कुणी तरी कधी तरी केलेला एक आळस उघडा केला. एकोणिसाव्या गावातल्या माणसाला त्या क्षणी कळतं की आपल्या डोक्यावरची पाखरं कुणाच्या तरी चिंचेची उसनी पानं आहेत. तुझ्या मैत्रिणींना हे वाचून दे, मग त्या जादू बिघडली म्हणणार नाहीत. त्या विचारतील, आणखी काय काय कशाकशावरून उसनं घेतलंय?

या कलेला आयुष्य किती, तेही काटकसरीवरूनच ठरतं. व्हिडिओत पुढची पूर्ण फ्रेम आली की सगळा बिघाड पुसला जातो, चित्र स्वच्छ. तुझ्या राज्यात अशी पूर्ण फ्रेम वर्षातून एकदा येऊ दे, आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला. आपल्याकडे सालदाराचं, म्हणजे वर्षाच्या बोलीवरच्या गड्याचं, साल आखाजीला सुटतं, लेकी माहेरी येतात, लिंबाला झोके बांधतात. जग नव्याने मांडायला याहून चांगला दिवस नाही. त्या पहाटे तीसही गावांना पूर्ण ‘मूळ’ सोडतात आणि वर्षभरातले सगळे ओघळ धुऊन निघतात. मग बघ, केवढं काही आपसूक मिळतं. आखाजीच्या दुसऱ्या दिवशी केलेला ओघळ वर्षभर टिकतो, म्हणून तो करायची हिंमत फक्त मुरलेल्यांची. शिकाऊ पोरं चैत्राच्या शेवटी हात साफ करतात, चुकलं तरी चार दिवसांत पुसलं जाणार. आणि प्रत्येक घरात एखादी आजी असते, जी आखाजीच्या आदल्या रात्री अंगणात बसून उशिरा येणारी ती सावली शेवटची बघून घेते.

हात लावायचा नाही अशी एक जागाही ठेव. फाइलच्या सुरुवातीला मथळा असतो: चित्र केवढं, कोणत्या पद्धतीने बांधलं. मोबाइलच्या फोटोत तर तो बराच लांब असतो. त्याला धक्का लागला की फोटो बहुधा उघडतच नाही. नवशिक्यांचा पहिला आठवडा यातच जातो, माझाही गेला. तुझ्या राज्यात हे म्हणजे पहिलं गाव. तिथे कुणी खाच पाडली तर वेडीवाकडी सकाळ होत नाही, सकाळच होत नाही. एखाद्या जुन्या ओघळकऱ्याने तसं केलं होतं, अशी नुसती कुजबुज ठेव, सविस्तर सांगू नकोस.

आणि प्रमाण. एका फोटोत मी कधीच चार-पाचपेक्षा जास्त जागी बदल करत नाही. सुरुवातीला दोनशे जागी करून पाहिले, हाती राखाडी चिखल आला. गाण्यात विवादी स्वर असतो ना, रागात वर्ज्य असलेला, पण जाणता गवई तो असा हळूच लावतो की रागाचं रूप आणखी खुलतं. तो पोटभर लावला तर राग राहतच नाही. तुझ्या दुसऱ्या प्रकरणात एका पानावर अकरा बिघाड आहेत. नऊ काढून टाक. काढताना जीव जाईल, तरी काढ.

आता मैत्रिणींच्या आक्षेपातला अवघड भाग. चुकून झालेलं आणि मुद्दाम केलेलं दिसायला सारखंच असेल तर ओळखायचं कसं? आपल्याकडे घुणाक्षरन्याय म्हणतात. घुणकिडा लाकूड पोखरत जातो आणि पोखरता पोखरता एखादं अक्षर उमटतं. म्हणून काही कीडा लिहिता झाला असं कुणी म्हणत नाही. माझी ती वरातीची डीव्हीडी घुणाक्षरच होती. त्यानंतर मी तेच मुद्दाम करायला शिकलो: नेमकी कोणती फ्रेम काढायची, कोणत्या चेहऱ्यानंतर कोणती हालचाल यायला हवी, आणि कुठे पूर्ण फ्रेम परत आणून सगळं थांबवायचं. थांबवता येणं हीच माझी कसोटी आहे. मूळ फाइलला मी हात लावत नाही, आधी प्रत काढतो. तुझ्या राज्यात याचा कायदा होऊ दे: खाच पाडण्याआधी ओघळकरी तिचा ‘सांधा’, म्हणजे ती बुजवायचा मंत्र, खालच्या गावच्या पाटकऱ्याकडे ठेवतो. सांधा ठेवला तर कलाकार, न ठेवता खाच पाडली तर पाटफोड्या. मग गोष्टीला धार येते. सांधा हरवला तर? पाटकऱ्याने विकला तर? एखाद्या अडाणी पोराच्या हातून चुकून इतका देखणा ओघळ झाला की म्हातारे ओघळकरीही गप्प झाले, आणि पोराकडे सांधाच नाही, तर?

यावरून हेही आलं की ओघळकरी आधी चांगला पाटकरी असायला हवा. तुझ्या प्रकरणांत कलाकार आणि मंत्ररक्षक जन्माचे वैरी आहेत. मला ते खोटं वाटलं. मी आजही दिवसा गिऱ्हाइकाची खराब झालेली फाइल दुरुस्त करतो आणि रात्री चांगली फाइल बिघडवतो. दोन्हीला ज्ञान एकच लागतं. त्यांना एकाच घरातले कर, एकाच ताटात जेवणारे.

आमच्या चाळीसगावातल्या दोन गोष्टी सांगतो, तुला दोन्ही लागतील. स्टेशनजवळ केकी मूस यांचा बंगला आहे. ते टेबलावर लहानसहान वस्तू मांडून अख्खं दृश्य उभं करायचे आणि त्याचा फोटो काढायचे. फोटो बघताना ते टेबल आहे हे मनाला शिवत नाही. अशा कामात उजेड एका दिशेने आला आणि सावल्या त्या उजेडाशी प्रामाणिक राहिल्या, तरच डोळा फसतो. तुझंही तसंच: बिघाड दाखवण्याआधी किमान वीस पानं तुझ्या जगाची सकाळ नीट भरू दे, एकही चूक न करता. वाचकाला सातव्या गावातली सावली कधी येते हे तोंडपाठ झालं पाहिजे, तरच ती उशिरा आलेली त्याला खुपेल.

दुसरी गोष्ट पाटणची. पाटणादेवीच्या परिसरात भास्कराचार्यांच्या नातवाचा, चांगदेवाचा, शिलालेख सापडलेला आहे. आजोबांच्या ग्रंथांचं अध्ययन व्हावं म्हणून मठ स्थापल्याचं त्यात आहे. भास्कराचार्यांनी बाराव्या शतकात शून्याने भागलेल्या राशीला ‘खहर’ म्हटलं. तिच्यात काही मिळवा, काही वजा करा, ती बदलत नाही, आणि हे समजावताना त्यांनी दाखला दिला अनंत अच्युताचा: प्रलयात सगळे जीव त्याच्यात शिरतात, सृष्टीच्या वेळी बाहेर पडतात, त्याच्यात फरक पडत नाही. आज कॅल्क्युलेटरला शून्याने भागायला सांग, तो हात वर करतो. त्यांनी त्याच जागी थांबून तिला नाव दिलं आणि उपमा दिली. ओघळांचा हा दुसरा प्रकार समज. पहिला काटकसरीतून येतो, हा नियमाला उत्तरच नसतं तिथून. तुझ्या जगात असा एखादाच प्रश्न ठेव. “सगळं वरच्यासारखंच, काहीच वेगळं नाही” असा शून्य फरक एखाद्या गावाला सोडला तर काय होईल? ते गाव वरचंच गाव होईल का? मग तिथली माणसं कुठे जातील? माझ्याकडे याचं उत्तर तयार नाही, आणि तूही ते पटकन शोधू नकोस.

कलाकारांची भाषा बदल, असं मला फार मनापासून सांगायचं आहे. तुझे ओघळकरी दरबारी मराठी बोलतात. पाटावर रात्र काढणारी बाई अशी बोलणार नाही. तुझ्या घरात अहिराणी आहे, ती त्यांच्या तोंडी दे. नवरीच्या त्या आजीच्या “हाई काय जायं?” मध्ये राग होता, भीती होती आणि नवलही होतं. तुझ्या खालच्या गावांत ओघळ पाहिल्यावर लोक हेच म्हणोत आणि त्यांच्या म्हणण्याच्या सुरावरून काम जमलं की फसलं ते ओघळकऱ्याला कळो.

राहिली नायिका. तू तिला राजधानीत, तळ्याच्या काठावर ठेवलं आहेस. तिथे रोज पूर्ण ‘मूळ’ मिळतं, तिथे तिला काहीच दिसणार नाही. कालव्याच्या टेलला, म्हणजे शेवटच्या टोकाला, पाणी पोचत नाही हे आपल्याकडे शेंबड्या पोराला माहीत असतं. तुझ्या पाटाचं टेल म्हणजे तीसावं गाव. वरच्या एकोणतीस गावांतला प्रत्येक ओघळ, प्रत्येक पाटकऱ्याचा आळस, सगळं साचून तिथे येतं. तिथली सकाळ दुपारी उजाडते, कोंबडा चिंचेच्या आवाजात सळसळतो, लोकांच्या सावल्या शेजाऱ्याच्या दारात पडतात आणि संध्याकाळी ज्याच्या त्याच्याकडे परत येतात. वरचे लोक त्या गावाला शापित म्हणतात, सोयरीक करत नाहीत. पण नुसतं पाखरू कसं उडालं ते बघून खाच कोणत्या गावात, कुणाच्या हातची आणि कधीची, हे सांगू शकणारी माणसं अख्ख्या राज्यात फक्त तिथेच आहेत. तिला तिथे जन्माला घाल. पहिल्या प्रकरणात ती दारात बसून भाकरी खात असू दे, आणि समोरच्या लिंबाची सावली आज पहिल्यांदाच वेळेवर आली म्हणून तिचा घास हातात राहू दे.